बर्फाला कान नसतात

रिन्स्केमावशीच्या स्वयंपाकघरातल्या भिंतीवरच्या घड्याळाला उजव्या अंगाला एक पितळी चावी आहे. ती फिरवली की ज्याच्या ज्याच्या कानावर घड्याळाची टिकटिक पडते, त्याचा वेळ लांबतो. ऐकणाऱ्यांचा तास संपता संपत नाही आणि तेवढ्या वेळात चिमणीतला धूर जागचा हलत नाही. कारण सोपं आहे, धुराला कान नसतात. बटाट्यांनाही नसतात. नवी नवरी असताना नवऱ्याशी गप्पा रंगाव्यात म्हणून मावशीनं चावी फिरवली आणि चुलीवरचे बटाटे काही केल्या शिजेनात. शेवटी भुकेनं कळवळून नवऱ्यानंच चावी उलटी फिरवली. हे ती अजून हसत सांगते.

आमच्या ओल्डेवियर गावात या घड्याळाचं कुणाला अप्रूप नाही. आमच्या या फ्रिसलँड प्रांतात घरोघरी जुनी घड्याळं, त्यातलं एखादं तऱ्हेवाईक निघायचंच. टिकटिक मात्र अशी दणदणीत की शेजारी माझ्या घरात ऐकू येते.

मावशीच्या समोरच्या घरात बाउक्ये राहायची. शाळेच्या बाकापासूनची मैत्रीण आणि तेव्हापासूनचीच वैरीण. कालवा गोठला की गावची स्केटिंगची शर्यत व्हायची आणि दर वेळी बाउक्ये पहिली, मावशी दुसरी. जिंकून गप्प बसली तर ती बाउक्ये कसली!

"रिन्स्के, माझं तोंड विसरशील, पाठ नाही विसरायचीस. जन्मभर तीच बघितलीस!"

मावशी हे ऐकून घ्यायची आणि वर तिलाच कॉफी पाजायची. संताप यायचा तो मला.

मग कित्येक हिवाळे बर्फच धरला नाही. दोघी म्हाताऱ्या झाल्या, बाउक्येच्या कानात ऐकू यायचं यंत्र आलं. यंदा तिच्या मुलानं तिला कायमचं ग्रोनिंगेनला न्यायचं ठरवलं आणि नेमका त्याच आठवड्यात कालवा गोठला.

"जाण्याआधी एकदा तरी तिला माझी पाठ दाखवते," मावशी म्हणाली. "मग खुशाल जाऊ दे." आणि स्केट्सना धार लावायला बसली.

शर्यतीच्या दिवशी सकाळीच ऊबदार वारा सुटला. मी काठावर वाटाण्याच्या सुपाचं पातेलं मांडून बसलो होतो. पोरांच्या शर्यती आटपेपर्यंत बर्फावर पाणी चमकायला लागलं. बर्फाची जबाबदारी डाउवेकडे. त्यानं भोक पाडून पाहिलं आणि मान हलवली.

"म्हाताऱ्यांची शर्यत रद्द. बर्फ आता घटकाभराचा सोबती."

"तू कच खाणार हे मला ठाऊकच होतं," मावशी म्हणाली आणि मागच्या घसरगाडीवरचं घोंगडं तिनं ओढलं. खाली घड्याळ! "बर्फाला कुठे कान आहेत? आपल्याला हवा तेवढा वेळ मिळेल. चला, उभं राहू."

बाउक्ये आधीच रेषेवर होती. केसाळ टोपी तिनं कानांवर ओढली, "टोपीत हे मेलं शिट्ट्या मारतं," म्हणून कानातलं यंत्र काढून कोटाच्या खिशात टाकलं आणि शर्यत जिथे संपते त्या पुलाकडे तोंड करून वाकली. तिच्याकडे तेव्हा कुणाचंच लक्ष नव्हतं. सगळे घड्याळाकडे बघत होते.

मावशीनं चावी फिरवली. माझ्या डावातून निघालेलं सूप वाडग्यापर्यंत पोचेना. डाउवेनं उगारलेला हात खाली केला आणि मावशी सुटली. या वयात असा वेग! अर्ध्या वाटेवर तिनं सवयीनं समोर पाहिलं, तर पुढे पाठ नाही. मागे वळून बघते, तर बाउक्ये अजून रेषेवरच, एक पाय उचललेला, तोंड अर्धवट उघडं. बहिऱ्या बाउक्येला टिकटिक ऐकूच येत नव्हती. तिचा वेळ धुराच्या आणि बर्फाच्या वेळाबरोबर चालला होता.

"पळा मावशी, पळा!" मी घसा फाडून ओरडलो. "जिंकलात!"

मावशी थांबली. पुलाकडे पाहिलं, बाउक्येकडे पाहिलं, आणि चक्क माघारी आली. बाउक्येची टोपी वर केली, खिशातलं यंत्र काढलं आणि तिच्या कानात बसवलं.

"अगं ए! कानात काय कोंबतेस माझ्या?" बाउक्ये जागी झाल्यासारखी ओरडली.

"घड्याळ ऐक, म्हातारे. आणि टोपी काढ. पुन्हा सुरुवात."

डाउवेनं पुन्हा हात खाली केला. दोघी खांद्याला खांदा लावून गेल्या. पूर्ण वाटभर बाउक्ये मावशीला टोमणे मारत होती आणि मावशी तिला शिव्या घालत होती. पुलाखालून आधी गेली ती बाउक्येच, जेमतेम एका स्केटनं पुढे.

मी चडफडत मावशीला सूप दिलं. "हातची घालवलीत!"

"तू गप रे. खांबाला हरवायला मी कशाला सराव करू? तिनं बघायला नको का?" धाप लागली होती, पण इतकी खूश मी तिला कधी पाहिली नव्हती.

शनिवारी ग्रोनिंगेनहून गाडी आली. मुलगा खाली उतरलाच नाही, मला निरोप देऊन काचा बंद करून आत बसून राहिला. मी सामान उचलायला गेलो तर बाउक्ये मावशीच्या स्वयंपाकघरात कॉफीचा कप घेऊन बसलेली.

"आई, चल!" असा त्याचा निरोप मी सांगितला.

बाउक्येनं टोपी काढून टेबलावर ठेवली. कानातलं यंत्र चाचपलं, त्याचा आवाज वाढवला आणि मावशीला म्हणाली, "फिरव चावी."

बाहेर मुलानं हॉर्न वाजवला असावा. तो हंबरल्यासारखा लांबत गेला. मीही सामान खाली ठेवलं आणि खुर्ची ओढली. दोघी शाळेपासूनच्या सगळ्या शर्यतींवरून पहिल्यापासून भांडत बसल्या. कॉफीलाही कान नसतात, त्यामुळे ती शेवटपर्यंत गरमच राहिली.