टोरांटोत दादा दिसला का?

सॉफ्टवेअर कंपनीत किस्से मुद्दाम जमवावे लागत नाहीत, ते साचतात. बग निदान क्लोज तरी होतो; किस्सा एकदा चहाच्या टेबलावर आला की जन्मभर ओपन! आमच्या टेस्टिंग टीमकडे असे ढिगाने आहेत. पण टीममधल्या सुजाताच्या घरचे हे किस्से वेगळे. मोबाइलवर इनकमिंगलाही पैसे पडायचे, त्या काळातली गोष्ट.

*

आमच्या टीममधल्या मंदारचं टोरांटोला ऑनसाइट कामासाठी जायचं ठरलं. आमच्यात कुणी परदेशी निघालं की त्याच्या बॅगेवर सगळ्यांचा डोळा. कुणाच्या मावशीला मेतकूट, कुणाच्या भावाला चकल्या. सुजाताने मात्र त्याच्या हातात नुसता एक फोटो ठेवला.

"हा माझा दादा, संदीप. टोरांटोतच आहे. शोधशील? म्हणजे... आता दादा नाही. ताई आहे."

मंदारच्या नाकातून चहा आला!

मग सुजाताने सगळं सांगूनच टाकलं. काही वर्षांपूर्वी दादा टोरांटोहून सुट्टीवर आला आणि घरात म्हणाला, "मी मुलगी आहे, इथून पुढे तशीच जगणार." वडील खडकीच्या दारूगोळा कारखान्यात फोरमन. ते एवढंच म्हणाले, "मग इथे राहू नकोस." तेव्हापासून पत्ता नाही. मेल परत येतात, नवं नावसुद्धा कुणाला माहीत नाही. आणि आता वडील रिटायर होणार, कारखान्याचं क्वार्टर सोडून सगळे धायरीच्या फ्लॅटमध्ये जाणार. म्हणजे क्वार्टरमधला फोन बंद. दादाला माहीत असलेला घरचा तेवढा एकच नंबर!

आम्ही सगळे गार. मंदारने फोटो उलटसुलट करून पाहिला. म्हणाला, "मी लोकांना विचारू काय? दादा दिसला का, की ताई दिसली का?"

"काहीही विचार," सुजाता म्हणाली, "पण विचार."

*

इकडे तो नंबर वाचवायला मी आणि सुजाता फोनच्या ऑफिसात गेलो. "खडकीचाच नंबर धायरीला मिळेल का हो?"

खिडकीतल्या गृहस्थांनी चष्म्यावरून पाहिलं. "एक्स्चेंज वेगळं आहे, मॅडम. उद्या म्हणाल, खडकी स्टेशनही धायरीला हलवा!"

मीही पेठेत वाढलेली. चांगलं ठेवणीतलं उत्तर द्यायला तोंड उघडलं, तर शेजारी सुजाता रडत होती. गृहस्थ गडबडले. "नवा नंबर लवकर मिळेल असं बघतो," म्हणाले, आणि स्वतःच्या बाटलीतलं पाणी तिच्यापुढे केलं. पुण्यात! खिडकीच्या आतून!

*

त्याच आठवड्यात सुजाताकडे जेवायला गेले होते. फोन वाजला. काकांनी, म्हणजे सुजाताच्या वडिलांनी, घेतला. "हॅलो? हॅलो?" आणि आदळला. "ब्लँक कॉल. लोकांना उद्योग नाहीत."

स्वयंपाकघरात काकू मला हळूच म्हणाल्या, "अधूनमधून येतो. मी घेतला तर बराच वेळ चालतो."

"कोण बोलतं?"

"कुणी नाही. मीच बोलते. भाजी काय केली, सुजाताला स्थळ कुठलं आलं, ते सांगते."

एवढी मोठी गोष्ट ही बाई पोटात ठेवून पोळ्या लाटत होती! "काकू, सुजाताला सांगितलंत?"

"तिला सांगितलं तर ती 'बोल, बोल' म्हणून मागे लागेल. मग यायचाच बंद होईल."

*

मंदार तिकडे मराठी मंडळाच्या गणपतीला गेला. मोदकाच्या रांगेत फोटो फिरवला. एका बाईंनी विचारलं, "मेंबर आहेत का हे? नाहीत ना? मग आम्हाला कसे माहीत असणार!" पुणं सोडून वीस वर्षं झाली होती म्हणे त्यांना. वाटलं नाही.

मग मंदारने खरं काय ते सांगितलं. बाई दोन पावलं मागे सरकल्या. एका काकांनी त्याला बाजूला घेऊन समजावलं, "अहो, अशी माणसं आपल्यात नसतात."

"म्हणून तर शोधावं लागतंय, काका," मंदार म्हणाला आणि मोदक न घेता बाहेर पडला. आम्हाला खरा धक्का मोदकाचा बसला.

*

त्याचा पुढचा फोन आला तो थेट कॉन्फरन्स रूमच्या स्पीकरवर. "क्लू मिळाला!"

झालं असं, की हा इंडियन ग्रोसरीच्या दुकानात भाजणीचं पाकीट न्याहाळत उभा होता. शेजारची बाई मराठीत म्हणाली, "ते घेऊ नका, जुनं आहे." मराठी ऐकून याने लगेच खिशातून फोटो काढला. "ताई, यांना कुठे पाहिलंय का?" तिने फोटो बराच वेळ पाहिला आणि म्हणाली, "हा आता इथे राहत नाही."

"म्हणजे ओळखते ना!" मंदार उत्साहात होता. "मी सगळं सांगितलं. वडील रिटायर होतायत, क्वार्टर सुटणार, महिनाअखेरीला फोन बंद. तर सामान तिथेच टाकून निघून गेली. विचित्रच बाई!"

"दिसायला कशी होती?" सुजाताने विचारलं.

"उंच. सावळी. डाव्या भुवईत खोक पडल्याची खूण."

सुजाता स्पीकरजवळ सरकली. "ती खोक माझ्यामुळे पडलीये. लहानपणी बॅट लागली होती."

ती खूण फोटोतही होती! स्क्रीनवरचं बटण केसभर हललं तरी बोंब मारणारा आमचा टेस्टर, आणि हे त्याला दिसलं नाही! स्पीकरमधून बारीक आवाज आला, "अगं, मी तिला ताई म्हटलं."

"बरोबरच म्हटलंस," सुजाता म्हणाली.

त्यानंतर मंदार रोज त्या दुकानात जाऊन उभा राहायचा. ती पुन्हा आली नाही.

*

क्वार्टर सोडायचा दिवस. मी मदतीला गेले होते. टेम्पो भरून तयार. काकू बुद्धमूर्ती मांडीवर घेऊन ड्रायव्हरशेजारी जाऊन बसल्या होत्या. वर रिकाम्या खोलीत काका, सुजाता, मी आणि जमिनीवर ठेवलेला फोन.

तो वाजला. सुजाता धावली, पण काका जवळ होते. त्यांनीच उचलला.

"हॅलो?"

पलीकडून काहीच नाही. आता आदळणार, म्हणून मी डोळे मिटून घेतले.

आदळला नाही. काका सांगू लागले, "हा फोन आज बंद होतोय. आम्ही धायरीला चाललोय. नवा नंबर सांगतो."

आणि त्यांनी एकेक आकडा सुटा सुटा म्हटला. तोंडपाठ! नंबर मिळाला तेव्हा त्यांनी त्या कागदाकडे बघितलंसुद्धा नव्हतं, असं सुजाताच मला म्हणाली होती. सांगून झाल्यावर त्यांनी तो पुन्हा पहिल्यापासून म्हटला. मग थांबले.

पलीकडे अजून शांतताच.

"ऐकतेस ना?" काका म्हणाले.