शेवाळात न अडकणारा गळ

होळीनंतरचा रविवार, नदीवरचा राजघाट. हजर: बाबा, धाकटा भाऊ आणि रीत लिहून घ्यायला वही घेऊन मी. उथळ पाण्यातल्या शेवाळात गळ अडकू नये म्हणून बाबा आमिष म्हणून पीस बांधलेल्या गळाच्या टोकापुढे नायलॉनची बारीक कमान बांधत. मासा चावला की ती दबते आणि गळ लागतो. वयामुळे त्यांचे हात थरथरू लागले होते, म्हणून त्यांना ते मला शिकवायचं होतं. पहिल्या गळाला त्यांनी दोरा उजवीकडून गुंडाळला, दुसऱ्याला डावीकडून. “बाबा, आता उलटं का?” “उलटं कुठंय? असंच तर बांधतो मी!” भाऊ हसला, “ताई, मच्छी काय वही वाचून येते का?” दोन्ही गळ शेवाळातून मोकळे आले. बाबा विसरत होते, का दोन्ही रीती बरोबरच होत्या, हे बाबा गेल्यावरही मला कळलेलं नाही. त्यांनी माझ्यासाठी ठेवलेला तिसरा गळ अजून बांधायचा आहे.