गच्चीवरची बांधी

गच्चीवर फरश्या घालायचं माझ्या डोक्यात आलं ते मामाजींच्या पायांमुळे. मामाजी म्हणजे माझे सासरे. सासूबाई गेल्यावर आम्ही त्यांना एकोडीहून भंडाऱ्याला आमच्याकडे घेऊन आलो. जन्मभर धानाच्या चिखलात वावरलेल्या माणसाला घरातल्या गुळगुळीत टाइल्सवर चालवेना. गच्चीवर जावं तर स्लॅब तापलेला, आणि चप्पल घालतील तर ते मामाजी कसले! चार-आठ दिवस झाले की म्हणायचे, "मी जातो आता गावले." आम्ही म्हणायचो, "बरं, सुट्टी मिळाली की सोडून देऊ." सुट्टी काही मिळायची नाही, म्हणून ते राहायचे. खरं तर मला ते जायला नको होते. नवरा तुमसरच्या राईस मिलमध्ये कामाला, सकाळी जातो तो अंधार पडल्यावर येतो, आणि आल्यावर मी जे म्हणेन त्याला हो म्हणतो. अशा माणसाशी भांडणार तरी किती? मामाजींशी मात्र भाजीच्या फोडणीपासून टीव्हीच्या आवाजापर्यंत कशावरही भांडता येतं.

पावसाळा सरल्यावर फरश्या मी मोबाइलवरून मागवल्या. लाकडाचा भुसा आणि प्लास्टिक एकत्र करून बनवलेल्या, फूटभर चौकोनी, वर पट्ट्या आणि खाली प्लास्टिकची जाळी. एकीचे दाते दुसरीच्या कड्यांत दाबले की टक्कन बसतात, सिमेंट नको की मिस्त्री नको. मामाजींनी एक फरशी उचलली, हुंगली, नखानं खरवडून पाहिली.

"लाकूड व्हय हे?"

"अर्धं लाकूड, अर्धं प्लास्टिक."

"वाळवी?"

"लागत नाही म्हणतात."

"म्हंजे वाळवीलेई समजलं, का हे लाकूड नोहे," असं म्हणून त्यांनी फरशी खाली ठेवली. पण रविवारी सकाळी माझ्याआधी गच्चीवर तेच हजर.

काम सोपं होतं, फक्त मामाजींनी ते रोवण्यासारखं केलं. धान रोवताना माणूस मागे मागे सरकत जातो, रोवलेल्या रोपांवर पाय पडू नये म्हणून. मामाजीही दारापासून सुरू करून वाकून एकेक फरशी बसवत मागे सरकायला लागले. "अहो मामाजी, यावर चालायचंच आहे. या ना असे पुढून," मी ओरडले. "ताज्या कामावर पाय नाई देत," ते म्हणाले. शेवटी टाच कठड्याला लागली आणि ते कोपऱ्यात अडकले. समोर त्यांनीच घातलेल्या फरश्या, आणि त्यावर पाय ठेवायला तयार नाहीत! नवऱ्याला एवढं हसू आलं की त्याला खुर्चीत बसावं लागलं. मी चहा करायला खाली गेले. वर आले तेव्हा मामाजींनी तो कोपराही बसवून टाकला होता आणि फरश्यांवरून अनवाणी फिरत होते.

त्यानंतरचे दिवस मजेत गेले. मामाजी सकाळ-संध्याकाळ गच्चीवर चालायचे आणि गावाचं नाव काढायचे नाहीत. मी शेजारणींना बोलावून बोलावून गच्ची दाखवली. दिवाळीनंतर गावच्या, बटईनं म्हणजे वाट्यानं कसायला दिलेल्या शेतातून नवं धान आलं, तर त्यातलं थोडं जुन्या साडीवर घालून त्यांनी फरश्यांवरच वाळवलं. मुलगा राईस मिलमध्ये, पण वाळलेल्या धानाबाबत बापाचा भरवसा फक्त स्वतःच्या दातांवर. दाणा चावल्यावर कट्ट वाजला तरच ते वाळलं. वाळवण उचललं आणि मी रोज पाइपानं गच्ची धुवायला लागले.

मग एका सकाळी पट्ट्यांच्या फटीतून हिरवं काहीतरी डोकावताना दिसलं. गवत असेल म्हणून मी ओढलं, तर मुळाशी धानाचा दाणा. साडीवरून सांडलेले दाणे फटींतून खाली गेले होते आणि चक्क उगवले होते. मला तर भारीच गंमत वाटली. पण खाली खोलीत गेले आणि गंमत संपली. छतावर ओलीचा मोठा डाग पडला होता.

मी तरातरा वर आले, मामाजींना हाक मारली आणि आम्ही फरश्या उपसायला लागलो. खाली गाळाचं पाणी साचलेलं, त्यात धानाचे कोंब उभे. आमच्याकडे पाणी साठवायला चहूकडून बांध घातलेल्या धानाच्या शेताला बांधी म्हणतात. माझ्या गच्चीवर ती तयार झाली होती. कोपऱ्यातली फरशी काढली तेव्हा कारण सापडलं. पाणी जायच्या भोकात पोत्याचा तुकडा घट्ट कोंबलेला होता.

"हे कोणी केलं?"

"मीनंच. भोक दिसलं तं बुजवलं," मामाजी म्हणाले. "पाणी वाहून गेलं असतं ना."

गच्चीवरून पाणी वाहून जायलाच हवं, हे त्यांच्या हाताला ठाऊक नव्हतं. बांधाला भोक दिसलं की बुजवायचं, एवढंच त्या हाताला माहीत. मला हसू फुटलं. मामाजी मात्र हसले नाहीत. पोत्याचा तुकडा हातात धरून म्हणाले, "तुह्या घराचं नुकसान केलं मी. आजच जातो गावले. बसनं जातो, सोडून द्याची गरज नाई."

माझा पारा चढला. कोपरापर्यंत हात चिखलानं भरलेले, खाली छत ओलं, आणि यांना बस सुचतेय! "कुठं जाऊन राहिले? कुठंच जायचं नाही!" मी ओरडले. "हे सारं परत कोण बसवन? मी एकटी? अन् तुम्ही गेल्यावर मी दिवसभर भिंतीशी बोलू का? राहा म्हणते ना! राहा इथं!"

मामाजी हळूच म्हणाले, "इतक्या दिवसात आज पह्यल्यांदा राहा म्हनलं कोनी."

आमच्या गावांत पाहुणा जातो म्हणाला की त्याला राहा राहा म्हणून धरून ठेवतात. घरच्या माणसाला कसला आग्रह, म्हणून आम्ही तो कधी केला नाही. ते आग्रहाची वाट पाहत जातो म्हणायचे आणि आम्ही शहाण्यासारखे बरं म्हणत होतो. डोळे पुसायला गेले तर चिखल गालाला लागला.

हात धुतले आणि तिथूनच नवऱ्याला फोन लावला. "रविवारी गाडी सांग अन् एकोडीला जा. मामाजींचा पलंग, कपाट, सगळं घेऊन ये." तो अर्थातच हो म्हणाला.

मामाजी भोकापाशी बसून गाळ काढत होते. मान वर न करता म्हणाले, "येताना घराले कुलूप लाव म्हना. मी नुसती कडी घालून आलो होतो."