पंगतीला आलेला समुद्र

लेखिका मीच आणि निर्मातीही मीच, त्यामुळे पहिल्या चित्रपटात मला अडवणारं कुणी नव्हतं. नागावच्या वाळूवर मी लग्नाची पंगत मांडली, तीही पौर्णिमेच्या दुपारी. बारा वाजता समुद्रच पंगतीत येऊन बसला. पाट, पत्रावळ्या, नवरदेवाचे जोडे, सगळं तरंगायला लागलं.

"हा सीन कुणी लिहिलाय?" मी किंचाळले. अख्खं युनिट माझ्याकडे बघत राहिलं.

बघायला आलेली एक कोळीण म्हणाली, "पुनवेला दुपारी भरती असते, एवढं म्हाईत न्हाय व्हय?"

गुडघाभर पाण्यात मी हसत सुटले. कॅमेरा चालूच होता.

आता लोक तोच प्रसंग डोक्यावर घेतात. "कसं सुचलं?" विचारतात.

मी मान ताठ करून सांगते, "श्रीवर्धनची आहे मी. भरती-ओहोटी आम्हाला पाठ असते."