त्या ग्रीकाची धून

एका ग्रीक संगीतकाराने माझं वाटोळं केलं आणि त्या बिचाऱ्याला त्याचा पत्ताही नाही. तो तिकडे जन्मभर सिनेमांना संगीत देत राहिला, मान मिळवला. मी इकडे तळेगावात एका सिनेमाचा संगीतकार होऊन बसलोय.

आमच्या धंद्यात एक रीत आहे. संकलन चालू असताना संगीत तयार नसतं, म्हणून दृश्याखाली दुसऱ्या कुणाचं तरी तात्पुरतं टाकून ठेवतात. त्याला रेफरन्स म्हणतात. आमचं आलं की ते काढायचं. आमच्या दिग्दर्शकाने बाप मरतो त्या दृश्याखाली या ग्रीकाची धून टाकली आणि महिनोन्‌महिने ऐकून तिच्या प्रेमातच पडला. मी काहीही नेलं की म्हणायचा, "छान आहे रे, पण तसं नाही वाटत." अरे, तसंच हवं तर त्यालाच बोलव ना! पण तोंडावर बोललो नाही. पहिलाच सिनेमा होता.

शेवटी मी गावी, परंदवडीला जाऊन वडिलांची, म्हणजे आबांची, भजनातली पेटी मागून आणली. आबांनी आयुष्यात माझ्या संगीताला बरं म्हटलं नव्हतं. कंपनीत लागला नाहीस, हाच त्यांचा धोशा. पेटी मात्र दिली, वर पुसूनही दिली. त्या दृश्याला मी फक्त पेटी वाजवली. दिग्दर्शक "ठीक आहे" म्हणाला.

सिनेमा लागल्यावर आबांना लोणावळ्याला घेऊन गेलो. ते पेटी ऐकायला आले होते. पडद्यावरचा बाप मरायला टेकला आणि वाजली ती ग्रीकाची धून! घाईत कुणी फाइल बदललीच नव्हती. कान इतके सरावलेले, की दिग्दर्शकाच्याही लक्षात आलं नाही. मी खुर्चीत गारठलो. शेजारी आबा मात्र उपरण्याने डोळे पुसत होते.

बाहेर आल्यावर म्हणाले, "लय भारी केलंस रं. आता कळलं तू काय करतूस. पर माजी पेटी कुटं वाजली?"

"सगळ्यात मिसळलीय आबा," मी म्हणालो. एवढी वर्षं ज्यासाठी थांबलो, ते कौतुक दुसऱ्याच्या सुरावर पदरात पडलं होतं. दिग्दर्शकाला फोन केला तर तो म्हणतो, "अरे हो की! जाऊ दे, सीन चाललाय ना." असा संताप आला की काय सांगू.

दोन दिवस जेवण गेलं नाही. मग परंदवडीला जाऊन आबांना सगळं खरं सांगितलं. ते रागावले नाहीत. "मंग तुजं लाव," म्हणाले. मोबाइलवर लावलं. डोळे मिटून त्यांनी शेवटपर्यंत ऐकलं. माझा जीव नुसता टांगणीला.

"पेटी बरी वाजवलीस," ते म्हणाले. मग माझ्याकडे न बघता म्हणाले, "त्या मानसाचं हाय का तुज्याकडं? ते लाव की परत."