खोडेवाडीची चार कार्डं

कृष्णाकाठच्या गावांचा कोश तयार होत होता, तेव्हा सांगलीच्या आमच्या कचेरीत सर्वांत कमी शिकलेले गृहस्थ म्हणजे इमाम मोमीन. पण त्यांच्या होकाराशिवाय एक पान छापखान्यात जात नसे. पूर्वी ते मागावर होते. साडीची नक्षी भोकं पाडलेल्या पुठ्ठ्यांवरून उठते, हे त्यांच्या हातांना ठाऊक होतं. तीच युक्ती त्यांनी कोशाला लावली. प्रत्येक नोंदीचं एक कार्ड, कडेला भोकं: गाव, माणूस, साल, मृत. जे लागू पडेल ते भोक कात्रीनं कडेपर्यंत उघडायचं. मग गठ्ठ्याच्या हव्या त्या भोकातून सायकलच्या चाकाची तार घालून उचलली, की तेवढीच कार्डं खाली पडत. एका कार्डावर मेलेला माणूस दुसऱ्यावर नंतर लग्न करत असला, तर तो तिथंच सापडे. अशी भांडणारी कार्डं इमामभाई लाल दोऱ्यानं बांधत. दोरा सुटेपर्यंत छपाई बंद. सोडवायचा नियमही त्यांचाच: तिघांविरुद्ध एक असेल, तर एकटं कार्ड फाडायचं.

मंगळवार, १२ फेब्रुवारी १९७४. माझ्या रोजनिशीत त्या दिवशी एकच ओळ आहे: 'खोडेवाडी. चार कार्डं पडली.'

खोडेवाडी शिराळ्याकडची. पलटणीची यादी, चावडीपुढचा दगड आणि शाळेतला फलक, तिन्ही सांगत होते की अर्जुना गायकवाड १९४४ साली इटलीत लढाईत मेला. चौथं कार्ड म्हणत होतं, गावची विहीर १९५१ साली अर्जुना गायकवाडनं एकट्यानं खणली. हे चौथं इमामभाईंनी स्वतः विहिरीवरचा दगड वाचून लिहिलेलं.

"तुझाच नियम, इमाम," संपादक लालासाहेब म्हणाले. "फाड."

"दगडावर नाव बघितलंय मी, साहेब."

"मग भूत खणून गेलं असेल. परवा सकाळी छपाईचा फर्मा यंत्रावर चढला नाही, तर तुझी भोकं आणि तुझी तार, दोन्ही भंगारात."

लालासाहेब थट्टा करत नव्हते. कोश चार महिने रखडला होता आणि त्याचं खापर कार्डांवर फुटत होतं. त्या कार्डांत इमामभाईंची सहा वर्षं गेली होती.

बुधवारी सकाळच्या एसटीनं आम्ही दोघं निघालो. मुद्रितं तपासणं माझं काम, म्हणून मीही गेले. विहिरीवर पन्नाशी उलटलेला एक माणूस पाणी शेंदत होता.

"अर्जुना गायकवाडांचं घर कुठं?" इमामभाईंनी विचारलं.

"त्यो मेलाय. चावडीवर दगड हाय, वाचा जावा."

शेजारची बाई खळखळून हसली. "आवं अर्जुनातात्या, मेलेला माणूस घागर भरतुय व्हय?"

घागर तशीच टाकून त्यानं आम्हाला आपल्या अंगणात नेलं, इकडंतिकडं पाहिलं.

"तीस वरीस गाव गप हाय. तुमी कशापायी उकरताय? सरकारात गेलं म्हंजी? ती हीर पुसून टाका. मी दगडावरच बरा हाय."

इमामभाईंनी खिशातून चौथं कार्ड काढलं. "मग ह्ये फाडू?"

"फाडा."

त्यांनी ते दोन्ही हातांत धरलं.

"फाडू नगंस, बाबा."

उंबऱ्यात अर्जुनाची आई उभी होती, बयाबाई. डोळ्यांनी जवळजवळ अधू. चौकट चाचपत ती खाली बसली.

"भरतीला नाव ह्यानं दिलं, आन् जायच्या दिशी उसात लपला. धाकटा म्हनला, घराची अब्रू जाईल, मी जातो. सतरा सरलं नव्हतं कृष्णातला. भावाच्या नावानं गेला, भावाच्या नावानं मेला. माज्या लेकराचं नाव घिऊन म्या रडायचं कवा?"

कमरेच्या पिशवीतून तिनं एक कागद काढला. पलटणीतून आलेलं पत्र. वर पाठवणारा 'अर्जुना गायकवाड'. खाली वाकड्या अक्षरांत 'तुझा कृष्णात'.

इमामभाईंनी पत्र दोन्ही बाजूंनी वाचलं. मग मला म्हणाले, "बाई, ती तीन कार्डं तीन न्हाईतच. दगड यादीवरनं कोरला, फलक दगडावरनं रंगवला. मी एकाच तोंडाला तीनदा इचारलं."

ते अर्जुनाकडं वळले. "लिहू का?"

"उसात लपलो, त्ये बी छापनार?"

लालासाहेबांनी एकदा कोशातून एक तपशील गाळला म्हणून त्यांच्याशी दोन दिवस अबोला धरणारे इमामभाई. म्हणाले, "कार्डावर तेवढी जागा न्हाई, तात्या."

अर्जुनानं आईकडं पाहिलं. "मग लिवा."

पत्र तिच्यापासून नेणं आम्हाला जमलं नसतं. मी ते माझ्या रोजनिशीत शब्दन् शब्द उतरवून घेतलं आणि खाली बयाबाईचा अंगठा घेतला.

गुरुवारी सकाळी लालासाहेबांनी रोजनिशीतलं ते पान दोनदा वाचलं. अर्जुनाच्या मरणाची तिन्ही कार्डं फाडून इमामभाईंनी कृष्णातच्या नावानं एकच लिहिलं होतं; आता मान खाली घालून ते दोन्ही भावांच्या कार्डांना एक नवं भोक पाडत होते: 'कुणाकडून कळलं'.

"बाकीच्या चार हजारांना हे कोण पाडणार?" लालासाहेबांनी विचारलं.

"मीच की. तुमी फर्मा चढवा."

"आधी तार घाल," लालासाहेब म्हणाले. "मला बघू दे."

इमामभाईंनी खोडेवाडीच्या गठ्ठ्यातून गायकवाड भावांची कार्डं वेगळी केली, 'मृत'च्या भोकातून तार घातली आणि उचलली. अर्जुनाची विहीर तारेवरच राहिली. कृष्णातचं एकटं कार्ड खाली पडलं. इमामभाईंनी ते उचलून बाहीला पुसलं आणि त्या कार्डांवरून सुटलेला लाल दोरा माझ्या हातात ठेवला.