पिशवीत न टाकलेला फोन

हे मी बायकोलासुद्धा सांगितलेलं नाही. देवळात तर नाहीच — तिथे मी उलटंच बोललो होतो. ते येईलच पुढे.

कोकणातल्या आमच्या वाडीचं नमन-खेळाचं मंडळ आहे. शिमग्यानंतर सुपाऱ्या घेऊन गावोगाव खेळतो — आधी गवळण, मग वग. वग दत्तूकाका लिहायचे, दरवर्षी नवा, आणि पहिल्या प्रयोगापर्यंत वाडीबाहेर कोणाला ताकास तूर लागू द्यायचे नाहीत. हल्ली वग मोबाईलवर घेतात आणि नेटवर टाकून मोकळे होतात. मग पुढच्या गावात हसणार कोण? म्हणून काकांचा नियम — तालमीला आलेल्या प्रत्येकाचा फोन पिशवीत. पिशवी माझ्याकडे.

माझ्याकडे का? कारण मला काम नव्हतं. मावशीचं काम — नऊवारी नेसून हसवायचं, गवळणीत आणि वगातही — माझा चुलतभाऊ सुहास करायचा. तो नुसता उभा राहिला तरी मांडव हसायचा. मला ते बघवायचं नाही — आता लपवायचं काय त्यात?

रंगीत तालमीला सगळ्यांचे फोन घेतले. माझा माझ्या खिशातच. पडद्याआड फोन टेकवून अख्खा वग घेतला आणि भलत्याच नावाने चॅनल उघडून त्यावर चढवला. किती लोक बघतात ते बघायचं होतं... नाही, हेही खोटं. सुहासचे विनोद शिळे व्हायला हवे होते मला.

झाले. पहिल्याच प्रयोगात तो तोंड उघडायच्या आत मागची पोरं त्याचं वाक्य ओरडायची. सुपाऱ्या परत गेल्या. काकांना मोबाईलमधलं काही कळायचं नाही. त्यांच्या शेजारी बसून मोबाईलवरून तक्रार मीच केली — माझ्याच व्हिडिओविरुद्ध! तो काढलाही गेला. पण तोवर लोकांनी उतरवून घेतला होता, रोज कुठून तरी नव्याने यायचा.

मग मंडळाची बैठक. त्या दिवशी कोणाचा फोन पिशवीत नव्हता? सुहासचा नव्हता. त्याची बायको बाळंतपणाला माहेरी, दिवस भरलेले — ‘ठेव तुझ्याकडे’ असं मीच त्याला म्हटलं होतं. बैठकीत मी फक्त त्याचं नाव सांगितलं. व्हिडिओत तो स्वतःच होता, पण नाव व्हावं म्हणून त्यानेच फोन टेकवून ठेवला असेल, असं सगळ्यांनी धरलं. ‘मीच म्हटलं होतं’ एवढं सांगायला किती वेळ लागला असता?

ग्रामदेवतेपुढे नारळ ठेवला. ज्याने केलं नाही त्याने हात लावून शपथ घ्यायची. सुहास मागे सरला. “देवाला असल्या कामाला उटवायचा नाय. मी केलेला नाय, सांगितला ना?” आमच्याकडे नारळाला हात न लावण्याचा अर्थ एकच होतो.

मी लावला. ‘मी केलं नाही’ असं सगळ्यांना ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने म्हणालो.

सुहासला नमनातून काढलं. ज्याला काकांनी बोट धरून उभा केला, त्याच्या दारावरून जाताना ते मान फिरवायचे. वारले, तेही त्याला चोर समजूनच.

पुढच्या शिमग्याला मावशी मला मिळाली. नऊवारी नेसता येईना, तेव्हा कोणीतरी सुहासलाच बोलावून आणलं. तो आला. निऱ्या घातल्या, कासोटा खोचला, पदर सारखा केला. त्याचे हात माझ्या कमरेशी होते, आणि तेव्हा आम्ही दोघंच होतो. सांगता आलं असतं.

“पयला वाक्य सावकास घे,” तो म्हणाला. “लोकांना हसायला येळ दे.”

मी सावकाश घेतलं. मांडव हसला. आणि मला ते हसणं फार आवडलं.